मदत हवी आहे: पात्रिसिओ गुझमानचे माहितीपट कुठून सुरू करावेत?

नमस्कार मंडळी,
आमच्या छोट्या फिल्म सोसायटीत चिलीच्या गुझमानचे माहितीपट दाखवायचं ठरलंय, पण क्रमावरून भांडण जुंपलंय.

एक गट म्हणतो, 'द बॅटल ऑफ चिली'च आधी. चिलीचे समाजवादी राष्ट्राध्यक्ष आयेंदे यांच्या सरकारचे शेवटचे महिने आणि 11 सप्टेंबर 1973 चं लष्करी बंड त्यात घडत असतानाच टिपलंय. चित्रीकरणासाठी लागणारी कोरी फिल्म फ्रान्सहून तिथला दिग्दर्शक क्रिस मार्करने पाठवली होती. छायाचित्रकार होर्हे म्युलरला 1974 मध्ये बंडानंतरचा हुकूमशहा पिनोशेच्या गुप्त पोलिसांनी उचललं, तो आजतागायत बेपत्ता. पण तीन भाग मिळून जवळजवळ साडेचार तास! आमच्याकडे मध्यंतरानंतर निम्म्या खुर्च्या रिकाम्या होतात, हे उघड गुपित आहे.

माझं मत 'नॉस्टॅल्जिया फॉर द लाइट'ला (2010). चिलीतल्या अटाकामाच्या वाळवंटात शास्त्रज्ञ दुर्बिणींतून ताऱ्यांचा जुना प्रकाश शोधतायत, आणि त्याच वाळवंटात बायका पिनोशेच्या काळात बेपत्ता झालेल्या आपल्या माणसांची हाडं. दोघांचाही शोध भूतकाळाचाच. पण आयेंदे कोण हेच माहीत नसलेल्या प्रेक्षकाला ते भिडेल का?

1997 चा 'चिली, ऑब्स्टिनेट मेमरी' मधला मार्ग ठरेल का? त्यात 'द बॅटल ऑफ चिली' तिथल्या तरुणांना दाखवलाय, त्यामुळे पार्श्वभूमी आपसूक कळते.

कुणी हे दाखवले असतील तर प्रेक्षक कुठे कंटाळले तेही सांगा. आणि प्रदर्शनाची रीतसर परवानगी कुणाकडे मागायची? स्पॅनिश जाणणारं कुणी मराठी सबटायटल्स तपासून देईल का? मानधन थोडं आहे, चहा भरपूर.