‘फितूर’ दगडाला नियम काय लावू? सातवं प्रकरण अडलंय

अर्धीकादंबरी
माझ्या कादंबरीतल्या जगात एक काळपट दगड आहे. भट्टीत तापवला की त्याचं वजन जातं, आणि खिळ्यांनी त्याला जखडलेल्या वस्तूंचंही जातं. गार झाला की परत येतं. खाणीतले लोक त्याला ‘फितूर’ म्हणतात, कारण धरणीच्या पोटात वाढून तो आभाळाला फितूर होतो. (नाव बदला म्हणू नका, त्यावर जीव जडलाय.) बाकी जग पृथ्वीसारखंच, पृथ्वीएवढंच.

सातव्या प्रकरणात आठ टनांचं धान्याचं जहाज एक पोरगी दोरीने ओढत धक्क्यावरून नेते आणि मग ते दरीवरून तरंगत पलीकडे जातं. बहिणीला वाचून दाखवलं, तर म्हणाली, “असा दगड असताना हे लोक बैल कशाला पाळतात?” तेव्हापासून एक ओळ पुढे सरकलेली नाही.

हुकाखाली
क्रेनच्या हुकाखाली एकोणीस वर्षं काढलीत, म्हणून आधी त्या पोरीबद्दल बोलतो. वजन गेलं तरी वस्तुमान जात नाही. टांगलेल्या लोडचं वजन हूक पेलतो, त्यामुळे खालच्या माणसाला तो एका हाताने ढकलता येतो. नवशिका फसतो तो इथेच. हलवता आला म्हणजे थांबवताही येईल, असं त्याला वाटतं. माझ्या डोळ्यांदेखत एकाने झुलता लोड तळहाताने थोपवायला पाहिला. मागे भिंत होती. दोन बोटं गेली. लोड चालत्या माणसापेक्षाही हळू येत होता हो.

तुमच्या पोरीने वीस किलोचा जोर सतत लावला, तर आठ टनांना सेकंदाला एक मीटर वेग यायला चाळीस सेकंद लागतील. तोवर जहाज वीस मीटर पुढे गेलेलं असेल. ते दहा सेंटिमीटरांत थांबवायचं म्हणजे चार टनांचा रेटा. तेव्हा ओढण्याचं कौतुक दोन ओळींत उरका आणि थांबवणं नीट लिहा. धक्क्यावर जाड खुंट, दोरीला त्याभोवती तीन वेढे आणि ती बेताबेताने सोडणारा जाणता माणूस. दोरीतून धूर निघू द्या.

रात्रपाळी
एक शंका. वजनच नाही तर जहाज जमिनीवर टेकून का राहील? पृथ्वी फिरतेय. विषुववृत्तावर ते आपोआप वर निघेल, आणि दर सेकंदाला त्याचा वेग सेकंदाला ०.०३४ मीटरने वाढत जाईल. हवेचा अडथळा सोडला तर मिनिटभरात साठ मीटर. कमी वाटतं, पण चहा प्यायला गेलात तर जहाज गेलं.

फळ्यासमोर
बहिणीचा प्रश्न सगळ्यांत खरा आहे. फितूर स्वस्तात काम करणार असेल तर बैलच काय, पाणचक्क्याही बंद पडतील. दगड खाली हलका करा, वर न्या, पुन्हा जड करा, पडताना चाक फिरवून घ्या, पुन्हा हलका करा. मग खाणवाले राज्य करतील आणि तुमची गोष्ट तिथेच संपेल.

म्हणून किंमत लावा. ती मनाने ठरवायचीही गरज नाही. वजन पार घालवणं म्हणजे हिशेबाने ती वस्तू पृथ्वीच्या पकडीतून पूर्ण बाहेर काढणंच. दगडाला कुठे ठाऊक, आपण दहा हात वर जाणार की चंद्रापलीकडे? किलोमागे सुमारे ६.२ कोटी ज्यूल. (सेकंदाला ११.२ किलोमीटर हा मुक्तिवेग, म्हणजे पृथ्वीची पकड सोडायला लागणारा वेग, धरून काढलंत तरी जवळपास हाच आकडा येतो.) एक किलो कोरडं लाकूड जळून साधारण १.६ कोटी ज्यूल देतं. म्हणजे किलोला चार किलो लाकूड, तेही उष्णतेचा कणही वाया गेला नाही तर. आठ टनांच्या जहाजाला बत्तीस टन. बैलांची नोकरी शाबूत.

आणि ही उष्णता दगडाचं तापमान वाढवण्यात जाणार नाही. बर्फ वितळताना शून्य अंशावर अडून बसतो ना, तसा फितूर भट्टीत कोमटच राहून लाकडं गिळत राहील. हा अप्रकट उष्मा. पाण्याची वाफ करायला किलोला २२.६ लाख ज्यूल लागतात. फितुराची भूक त्याच्या सत्तावीस पट. भट्टीवाल्याची पहिली रात्र लिहा. लाकडं संपत आली, दगड हाताला कोमट, आणि मालक विचारतोय, “झालं का?”

अर्धीकादंबरी
जहाज गेलं म्हणायचं. वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. पण निरोप्या चालेल! पोरगी पंचेचाळीस किलो, दगड पंधरा, दोनशे चाळीस किलो लाकूड. राजाला परवडेल, धान्याच्या व्यापाऱ्याला नाही. दगड पट्ट्याने तिच्या पाठीला जखडायचा. पलीकडे पोचली की तळ्यात बुडी मारून दगड गार करेल. बरोबर ना?

फळ्यासमोर
दगडाने गिळलेलं सगळं तिथे ओकणार. साठ किलोंचे सुमारे ३७० कोटी ज्यूल. तेवढ्यात दीड हजार लिटर पाण्याची वाफ होते, आणि तुमची पोरगी त्या वाफेच्या मधोमध आहे.

अर्धीकादंबरी
मग दगड लांब दोरीला बांधते. दगड तळ्यात, ती काठावर.

हुकाखाली
मग दोरीचं आधी ठरवा. दोरीने बांधलेलं जखडलेलं धरायचं की नाही? नसेल, तर दरीवर असताना तिचं वजन जाणारच नाही, ती सरळ खाली. आणि धरायचं असेल, तर सातव्या प्रकरणात पोरगी त्याच जहाजाची दोरी कमरेला बांधून ओढत असणार. तिचंही वजन गेलेलं. पाय कशावर रोवले तिने?