मिश्र घरातलं मूल: एकच ओळख द्यावी की दोन्ही?

मूळ धागा
आईवडील वेगळ्या धर्मांचे किंवा वंशांचे असले आणि समाज नेमका त्याच रेषेवर दुभंगलेला असला, की नातेवाईक हमखास सांगतात, 'पोराला एका बाजूचं करून टाका, त्रास वाचेल.' मला हे साफ अमान्य आहे. आजीशी फोनवर तिच्या भाषेत मोकळं बोलणारं मूल मित्र दारात दिसले की आवाज एकदम खाली आणतं, हे मी पाहिलंय. त्याला लपवायला कुणी शिकवलेलं नसतं. घरात काय झाकतात हे ते बघत असतं. दोन्ही बाजू उघडपणे द्या.

प्रतिसाद १
तत्त्व तुमचं, किंमत मात्र मुलानं मोजायची. बोस्नियात युद्ध थांबवणाऱ्या १९९५ च्या डेटन करारातून आलेल्या राज्यघटनेत बोस्नियाक (बहुतांश मुस्लिम), सर्ब आणि क्रोएट हे तीन घटक समाज, बाकी सगळे 'इतर'. त्रिसदस्यीय राष्ट्राध्यक्षपदासाठी 'इतर' उभेच राहू शकत नाहीत. 'मी दोन्हींचा' म्हणणारा यात बसतो कुठे? युरोपीय मानवी हक्क न्यायालयानं २००९ मध्ये याला भेदभाव ठरवलं, पण तरतूद पुढेही वर्षानुवर्षं तशीच राहिली. काही शाळांत तर एकाच इमारतीत बोस्नियाक आणि क्रोएट मुलांचे वर्ग वेगळे, कुठे प्रवेशद्वारंही वेगळी. तिथे सात वर्षांच्या पोरानं कुठल्या दारातून जायचं? आधी एका जागी पाय रोवू द्या. दुसरी बाजू मोठेपणी कळेल.

धागाकर्ता
मोठेपणी कळते तोवर दुसरीकडचे आजीआजोबा राहतात का? आणि दारं वेगळी केली ती मोठ्यांनी. उत्तर आयर्लंडमध्ये संघर्ष पेटलेला असतानाच १९८१ मध्ये बेलफास्टच्या पालकांनी लगन कॉलेज ही शाळा काढली, कॅथलिक-प्रोटेस्टंट मुलं एकत्र शिकावीत म्हणून. सुरुवातीला मुलं होती अवघी २८.

प्रतिसाद २
मी अशाच घरात वाढले. दोन्हीकडचं सगळं मिळालं, पण बाहेरच्या वैराबद्दल घरात अवाक्षर नाही. 'तू आमच्यातली की त्यांच्यातली?' हे मैदानावर पहिल्यांदा ऐकलं तेव्हा वाटलं, माझंच काही चुकलंय. दोन्ही द्याच, पण हा प्रश्न येणार हे आधी घरात सांगा.

प्रतिसाद १
हे पटलं. तरी जिथे लगनसारखी शाळा नाही आणि आडनाव ऐकून मारहाण होते, तिथे मी मुलाला आधी गप्प राहायलाच शिकवेन.

धागाकर्ता
रस्त्यावर गप्प, चालेल. घरात नाही.