शिक्षा वरपर्यंत टिकली म्हणून पुरावा भक्कम?

‘खालपासून सर्वोच्च न्यायालयापर्यंत शिक्षा कायम राहिली, म्हणजे तपासात फार मोठी गफलत नसणार’ हे म्हणणं मला अजिबात पटत नाही. महाराष्ट्रातलंच २००३ चं दरोडा, बलात्कार आणि खुनांचं प्रकरण बघा. भटक्या जमातीतले सहा गरीब मजूर पकडले. २००६ मध्ये सत्र न्यायालयाने सगळ्यांना फाशी सुनावली. उच्च न्यायालयाने त्यातल्या तिघांची शिक्षा जन्मठेपेवर आणली, पण २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांना फाशीचीच शिक्षा सुनावली. त्याच सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१९ मध्ये सहाही जणांना निर्दोष सोडलं. तोवर सोळा वर्षं तुरुंगात गेली होती, आणि त्यातला एक तर गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता!

तपासाचं म्हणाल तर, हल्ल्यातून वाचलेल्या बाईंनी घटनेनंतर लगेचच पोलिसांच्या अल्बममधले फोटो पाहून चौघांना ओळखलं होतं. हे चौघे वेगळेच, आरोपींपैकी कोणीही नव्हे. त्यांचा पुढे तपासच झाला नाही. मला सगळ्यात भयंकर हेच वाटतं, कारण ही नोंद पोलिसांकडेच होती, कुठून नव्याने शोधायची नव्हती. न्यायालयाने प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्यायला सांगितलं आणि चुका करणाऱ्या अधिकाऱ्यांवर कारवाईचाही आदेश दिला. पण ज्यांना त्या बाईंनी ओळखलं होतं, त्यांच्यामागचा माग एवढ्या वर्षांनी कसा लागणार? मारल्या गेलेल्यांच्या घरच्यांनाही न्याय मिळाला नाहीच.