अथेन्समधील ‘अज्ञात देव’ एक की अनेक?

बाळीवेसकर यांचा प्रश्न:
गेल्या रविवारी आमच्या सोलापुरातील चर्चमध्ये बायबलच्या नव्या करारातील ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकाच्या सतराव्या अध्यायावर प्रवचन झाले. ख्रिस्ती धर्माचा प्रचारक पौल अथेन्समध्ये फिरत असताना ‘अज्ञात देवाला’ असा लेख असलेली वेदी पाहतो आणि अरीयपग या तेथील टेकडीवर बोलताना तिचाच धागा धरतो, हा तो प्रसंग. घरी परतताना गल्लीच्या तोंडाशी लिंबाखालचा शेंदूर फासलेला दगड दिसला. त्याला कोणी म्हसोबा म्हणतात, कोणी नुसतेच ‘देव’ म्हणतात, नारळ मात्र सगळेच फोडतात. ग्रीक लोक खरोखरच एका निनावी देवाला भजत होते, की नजरेतून सुटलेला एखादा देव कोपू नये म्हणून घेतलेली ती खबरदारी होती? पौलाशिवाय आणखी कोणी अशा वेदीविषयी लिहिले आहे काय?

जुना वाचक:
लिहिले आहे, पण अनेकवचनात. दुसऱ्या शतकातील प्रवासी लेखक पॉसेनियस याने अथेन्सच्या फालेरोन बंदरापाशी ‘अज्ञात’ म्हटल्या जाणाऱ्या देवांच्या वेद्यांची नोंद केली आहे, आणि ऑलिम्पियातही त्याने अज्ञात देवांची वेदी सांगितली आहे. बायबलचा लॅटिन अनुवाद करणारा जेरोम तर स्पष्टच म्हणतो, की अथेन्समधील मूळ लेख आशिया, युरोप आणि आफ्रिका येथील अज्ञात व परक्या देवांना उद्देशून होता आणि पौलाने त्याचे एकवचन केले. जेरोम हा काही पौलाचा विरोधक नव्हे, म्हणून त्याची साक्ष मला वजनदार वाटते. पर्गामम या आशिया मायनरमधील प्राचीन ग्रीक नगरात 1909 साली सापडलेल्या लेखाचा दाखला पुष्कळदा दिला जातो. परंतु तो नेमका हव्या त्या शब्दावरच तुटलेला आहे, त्यामुळे त्यावर फार भिस्त ठेवू नये.

विजापूर वेस:
‘खबरदारी’ हा शब्द मला अपुरा वाटतो. तत्त्ववेत्त्यांची चरित्रे लिहिणारा ग्रीक लेखक डायोजेनीस लाएर्टियस याने सांगितलेली कथा अशी, की अथेन्सवर साथ आली तेव्हा क्रीट बेटावरून एपिमेनिडीस या शुद्धिकर्त्याला बोलावण्यात आले. त्याने काळी आणि पांढरी मेंढरे अरीयपगावरून मोकळी सोडली, आणि जे मेंढरू जेथे बसेल तेथे त्या जागेच्या देवाला त्याचा बळी द्यावा, असे सांगितले. म्हणूनच अथेन्सच्या परिसरात नाव नसलेल्या वेद्या आढळतात, असे तो लिहितो. म्हणजे संकट टळले, पण ते कोणी टाळले हे कळले नाही, अशा उपकाराची ती फेड होती. रोममध्येही पॅलाटिन टेकडीवर ‘देव असो वा देवी’ असे कोरलेली वेदी सापडली आहे. (आपल्याकडे सिद्धरामेश्वरांनी सोलापुरात स्थापिलेल्या 68 लिंगांची ठिकाणे जाणकार एकेक करून सांगतात, तो कल अगदी उलट आहे.)

बाळीवेसकर:
आपणा दोघांचेही आभार. मग पौलाने श्रोत्यांची दिशाभूल केली, असे म्हणावे लागेल काय?

जुना वाचक:
मी तसे म्हणणार नाही. या पुस्तकाच्या सर्वांत जुन्या ग्रीक प्रतींत वेदीविषयीच्या पौलाच्या वाक्यातील सर्वनाम नपुंसकलिंगी आहे. ते पुल्लिंगी झालेले दिसते ते मुख्यतः नंतरच्या प्रतींत. मराठीत हा फरक सहज दाखवता येतो: ‘ज्याला तुम्ही न ओळखता भजता’ असे नव्हे, तर ‘जे तुम्ही न ओळखता भजता, तेच मी तुम्हांला सांगतो’. वेदीवरचा देव म्हणजे माझाच देव, असा सरळ दावा त्यात नाही. श्रोत्यांनी स्वतःच कबूल केलेल्या अज्ञानावर त्याने बोट ठेवले आहे. पुढे तो ‘आपण त्याचेच वंशज आहोत’ ही ओळ घेतो, ती अराटस या कवीची आहे. अराटस सोली गावचा, पौल तार्ससचा. दोन्ही गावे किलिकिया प्रांतातलीच. कीर्तनकार जसा श्रोत्यांना पाठ असलेला अभंग आधी घेतो आणि मग आपला विषय मांडतो, तसेच हे आहे. शिवाय समोर स्तोयिक आणि एपिकूरपंथी हे तत्त्वज्ञ बसले होते, आणि त्याला आधीच ‘दाणे टिपणारा’ म्हणजे इकडचे तिकडचे वेचून बोलणारा म्हणून हिणवून झाले होते. वेदीचा लेख चुकीचा सांगितला असता तर तेथेच कोणीतरी त्याला अडवले असते. या पुस्तकाचा लेखक मानल्या जाणाऱ्या लूकच्या वृत्तांतानुसार त्यांनी वेदीविषयी अवाक्षर काढले नाही. थट्टा सुरू झाली ती मेलेल्यांच्या पुनरुत्थानाचा विषय निघाल्यावर.