‘चरित्र अभिनेत्री’ आणि ‘खाष्ट’: दोन शब्दांविषयी

प्रश्न : ललिता पवार यांच्याविषयीच्या मराठी लेखनात ‘चरित्र अभिनेत्री’ हा शब्द वारंवार आढळतो. मराठीत ‘चरित्र’ म्हणजे जीवनवृत्तान्त. मग हा प्रयोग योग्य कसा? ‘सहाय्यक अभिनेत्री’ म्हणावे, तर त्या नेमके कोणाला साहाय्य करीत होत्या, असा प्रश्न पडतो.

उत्तर : आपली शंका रास्त आहे. ‘चरित्र अभिनेत्री’ हा शब्द हिंदीतून आपल्याकडे आला आणि तेथे तो ‘कॅरेक्टर ॲक्ट्रेस’वरून बेतलेला आहे. मराठीत व्यक्तिरेखा या अर्थाने ‘चरित्र’ रुळलेले नाही, त्यामुळे या बाई केवळ चरित्रपटांत कामे करीत असाव्यात, असा कोणा वाचकाचा समज झाल्यास दोष त्याचा नाही. ‘सहायक’ हा शब्द पुरस्काराच्या नावापुरता ठीक आहे (‘सहाय्यक’ हे रूप ‘साहाय्य’ आणि ‘सहायक’ यांच्या सरमिसळीतून झालेले असल्याने टाळावे). ‘अनाडी’ (१९५९) मधील मिसेस डिसाच्या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअरचा या वर्गातील पुरस्कार मिळाला होता. मात्र मूकपटांच्या काळापासून नायिका म्हणून वावरलेल्या, १९४२ मध्ये चित्रीकरणात बसलेल्या थपडेमुळे चेहऱ्याला लकवा होऊन डावा डोळा कायमचा अधू झाल्यावर वेगळ्या भूमिकांकडे वळलेल्या अभिनेत्रीची सारी कारकीर्द त्या एका शब्दात बसत नाही. मी स्वतः ‘चरित्र’ आणि ‘सहायक’ दोन्ही सोडून नाटकवाल्यांचे जुने ‘काम’ वापरतो : ‘प्रभात’च्या ‘रामशास्त्री’त (१९४४) त्यांनी आनंदीबाईचे काम केले.

मला याहून अधिक खटकतो तो ‘खाष्ट’ हा शब्द, कारण त्यांच्या बहुतेक भूमिकांवर तो सरसकट चिकटवला जातो. खाष्टपणा आपल्या हाताखालच्या माणसावर चालतो, म्हणून तो सासूला शोभतो आणि पडद्यावरील सासवांच्या बाबतीत तक्रारीला जागा नाही. मिसेस डिसा मात्र फटकळ आहे. ती भाडेकरूला तोंडाने फाडून खाते, पण तिची माया लपत नाही, आणि फणसाला काटे असले तरी त्याला कोणी निवडुंग म्हणत नाही. ‘ध’ चा ‘मा’ केल्याचा आळ जिच्या नावावर कायमचा बसला, त्या आनंदीबाईला ‘कारस्थानी’ हेच विशेषण हवे. खाष्ट बाई आरडाओरडा करील, पत्रातले अक्षर बदलण्याइतका धीर ती धरणार नाही. १९८७ मध्ये सुरू झालेल्या दूरदर्शनवरील ‘रामायण’ मालिकेतील मंथरा तर स्वतःच दासी आहे, तेव्हा ती खाष्टपणा करणार कोणावर? ती कैकेयीचे कान भरते.

प्रश्न : मग मंथरेला ‘कळलावी’ म्हणता येईल का?

उत्तर : म्हणतात, पण मी म्हणणार नाही. कळलावी व्यक्ती दोघांत कळ लावून दुरून मौज पाहते, आणि नारदाला ‘कळलाव्या’ म्हणताना आपल्या मनात ही मौजच असते. (कळलावी नावाची एक विषारी वेलही आहे, तिच्या नावातील ‘कळ’ बाळंतपणाच्या कळांची, असे सांगतात.) मंथरेला मौज पाहायची नसते; भरताला राज्य मिळाले नाही तर आपल्या मालकिणीचे आणि पर्यायाने आपले काय होईल, ही तिची धास्ती आहे.