अलास्कातली बुडती गावं: अख्खं गाव हलवावं की माणशी पैसे द्यावेत?

अपर्णा_नाशिक

ऑक्टोबर २०२५ मध्ये हालोंग वादळाचा उरलेला जोर पश्चिम अलास्काच्या किनाऱ्यावर आदळला. किपनुक आणि क्विगिलिंगोक या युपिक (तिथल्या मूलनिवासी) लोकांच्या गावांत घरं पायावरून सुटून माणसांसकट वाहत गेली. हजाराहून जास्त लोकांना तिथून हलवावं लागलं, त्यातल्या शेकडो जणांना लष्करी विमानांनी अँकरेज या अलास्कातल्या सगळ्यात मोठ्या शहरात आणलं. तेव्हापासून एक सूर वारंवार ऐकू येतोय: एवढ्याशा वस्त्यांसाठी नवी गावं कशाला वसवायची? माणशी रोख रक्कम द्या आणि शहरात राहू द्या. मला हे मुळीच पटत नाही, म्हणून हा धागा काढतेय.

आधी न्यूटॉकचं उदाहरण घेऊ. निंगलिक नदीकाठचं साडेतीनशे वस्तीचं युपिक गाव. खालची कायम गोठलेली जमीन वितळायला लागली आणि नदी वर्षाला सरासरी ७० फूट काठ खाऊ लागली. १९९६ मध्ये कचरा टाकायची जागा वाहून गेली, २००५ मध्ये मालाचे तराफे लागायचा धक्का गेला. गावानं स्वतःच नवी जागा शोधली, नऊ मैलांवर नेल्सन बेटावरची मेरटारविक. २००३ मध्ये अमेरिकी संसदेनं जमिनीच्या अदलाबदलीला मंजुरी दिली. पहिली कुटुंबं राहायला गेली ऑक्टोबर २०१९ मध्ये, शेवटची २०२४ मध्ये.

मधल्या काळात गावानं राष्ट्रीय आपत्ती जाहीर करा म्हणून अर्ज केला होता. जानेवारी २०१७ मध्ये तो फेटाळला गेला. एका रात्रीत घर पडलं तर आपत्ती, पंचवीस वर्षं रोज थोडं थोडं पडत राहिलं तर कुठल्याच खात्याची जबाबदारी नाही. मला सगळ्यात जास्त चीड याची येते.

आता रोख रकमेबद्दल. अलास्कात शाळेत दहापेक्षा कमी मुलं झाली की राज्याचा निधी आटतो आणि शाळा बंद पडते. चार-पाच कुटुंबं पैसे घेऊन निघाली की पट दहाच्या खाली येतो. शाळा गेली की मुलंबाळं असलेलं दुसरं कुणी तिथे टिकत नाही. तुम्ही पैसे देताय एकेका माणसाला, पण मोडताय सगळं गाव.

मिहीर_डोंबिवली

तळमळ समजते, पण हिशेब मांडायलाच हवा. न्यूटॉक हलवायला ८ ते १३ कोटी डॉलर लागतील असा अमेरिकी लष्कराच्या अभियंता विभागाचा अंदाज होता, तोही २००६ चा. साडेतीनशे माणसांत वाटला तर दरडोई सव्वादोन ते पावणेचार लाख डॉलर. आणि हे एकच गाव नाही. सरकारी लेखापरीक्षकांनी २००३ मध्ये २१३ मूलनिवासी गावं तपासली, त्यातल्या १८४ गावांना पूर किंवा धूप यांचा त्रास होता. सगळ्यांना नवं गाव देणार का? नाही, तर कुणाला नाही म्हणणार?

दुसरं म्हणजे, खापर फक्त तापमानवाढीवर फोडता येणार नाही. १९४९ मध्ये न्यूटॉक तिथे वसलं, कारण शाळेचं सामान घेऊन येणारा तराफा नदीतून त्याच्या पुढे जाऊ शकत नव्हता. जागाच चुकीची निवडलेली होती. चिखलातल्या नद्या पात्र बदलतच असतात.

अपर्णा_नाशिक

@मिहीर, शाळेचं तुम्ही म्हणता ते बरोबर आहे आणि माझं म्हणणं त्यानंच पक्कं होतं. युपिक लोक हंगामाप्रमाणे फिरायचे. उन्हाळ्यात मासेमारीचा तळ, हिवाळ्यात दुसरी वस्ती. काठ सरकला की वस्ती सरकायची. सरकारनं शाळा बांधल्या आणि मुलं शाळेत आलीच पाहिजेत म्हटलं, म्हणून ते एका जागी बसले. शाळा, डिझेलच्या टाक्या आणि धावपट्टी उचलून खांद्यावर घेता येत नाही. ज्यानं बसवलं त्यानं उठवायचा खर्च द्यायला नको?

नद्या पात्र बदलतात हे मान्य, पण वेगाचं काय? आर्क्टिक १९७९ पासून जगाच्या सरासरीच्या जवळजवळ चौपट वेगानं तापतंय. पूर्वी शरदातली मोठी वादळं यायची तोवर किनाऱ्याला बर्फाचा कठडा धरलेला असायचा आणि लाटा त्यावरच फुटायच्या. आता तो कठडा कित्येक आठवडे उशिरा धरतो. लाट थेट मातीवर येते आणि ती मातीही आतून वितळून भुसभुशीत झालेली असते.

जुना_वाचक

एक बाजू सगळेच टाळताहेत. अलास्का तेलावर जगतं. १९७७ मध्ये उत्तर किनाऱ्यावरच्या प्रुडो बे तेलक्षेत्राची पाइपलाइन सुरू झाली, आणि १९८२ पासून तेलाच्या पैशातून उभ्या राहिलेल्या निधीचा लाभांश दरवर्षी प्रत्येक रहिवाशाला मिळतो. २०२२ मध्ये तो माणशी ३२८४ डॉलर होता. १९७१ च्या जमीनहक्कांच्या कायद्यानं मूलनिवाशांच्या कंपन्या झाल्या, त्यातल्या काहींचं उत्पन्नच तेलाचं आहे. २०२३ मध्ये विलो या तेलप्रकल्पाला मंजुरी मिळाली तेव्हा नॉर्थ स्लोप या उत्तरेकडच्या तेलपट्ट्याचं स्थानिक सरकार बाजूनंच होतं. तेलाचा पैसाही हवा आणि तेलामुळे झालेल्या नुकसानीची भरपाईही हवी, असं कसं चालेल?

रेवा_अँकरेज

@जुना_वाचक, विलोच्या सगळ्यात जवळचं गाव नुइक्सुट. तिथल्या महापौरांनी जाहीर विरोध केला होता. दीड-दोनशे मैलांवरच्या त्या सरकारला तेलाचा कर मिळतो, नुइक्सुटच्या दारावरून जाणारे कॅरिबू (तिथली रानटी हरणं) मात्र वाट बदलतात. ‘मूलनिवासी’ म्हणून सगळ्यांना एका पारड्यात टाकू नका. आणि न्यूटॉक-किपनुक भागात तेल निघतच नाही. त्यांना निधीचा लाभांश मिळतो तो मलाही मिळतो.

किव्हलिनाचंही सांगते. इन्युपियाक या दुसऱ्या मूलनिवासी लोकांचं चारशे वस्तीचं गाव, समुद्र आणि खाडी यांच्यामधल्या वाळूच्या पट्टीवर. त्यांनी २००८ मध्ये एक्सॉनमोबिलसह चोवीस तेल, वीज आणि कोळसा कंपन्यांवर भरपाईचा दावा लावला. २००९ मध्ये तो फेटाळला, २०१२ मध्ये अपीलही फेटाळलं गेलं, २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ऐकायलाही नकार दिला. हा प्रश्न न्यायालयानं नव्हे, सरकारनं सोडवायचा, असा एकूण सूर. म्हणजे कंपन्या नाहीत, आपत्ती खातं नाही. मग जायचं कुणाकडे?

वादळानंतर इथल्या निवाऱ्यात मी जेवण वाढायला जायचे. बहुतेकांजवळ एकेक पिशवी होती. एका आजींना पावाबरोबर सूप दिलं. त्यांनी आभार मानले, पाव बाजूला ठेवला आणि नातीला हळूच काहीतरी म्हणाल्या. नातीनं सांगितलं, आजीला सीलचं तेल हवंय, त्याशिवाय जेवण लागत नाही. पुढच्या दिवशी शहरातल्या युपिक कुटुंबांनी डबे भरून सुकवलेले मासे आणि तेल आणलं, तेव्हा त्या पोटभर जेवल्या. त्यांचा वर्षभराचा साठा, साल्मन मासे, मूस या मोठ्या हरणाचं मांस, बेरी, सगळं गावातल्या फ्रीझरमध्ये होतं. वीज गेली, पाणी शिरलं, संपलं.

इथे कायद्याचा एक मुद्दा कुणी मांडलाच नाही. १९८० च्या कायद्यानं संघीय जमिनीवर उदरनिर्वाहासाठी शिकार आणि मासेमारीचा अग्रहक्क ग्रामीण रहिवाशांना आहे. अँकरेज ग्रामीण धरलं जात नाही. पैसे घेऊन इथे कायमचं राहायला आलात की तो अग्रहक्क संपला. दोन-तीन लाख डॉलरमध्ये या शहरात कसंबसं एक घर येईल. पण पिढ्यान्‌पिढ्या ज्यावर चूल पेटली ते अन्न दुकानातून विकत घ्यायचं, तर ते परवडणारही नाही आणि मिळणारही नाही.

साताऱ्याचा_संदीप

मी मिहीरच्या बाजूनं बोलतो, पण कारण वेगळं आहे. आमचं मूळ गाव कोयनेच्या पाण्याखाली गेलं. भावकी ठाणे, रायगड, सोलापूर अशी पांगली. कागदावर पुनर्वसन होतं, हातात काही नव्हतं. आजोबा जमिनीच्या पट्ट्याची वाट बघत गेले, वडील हेलपाटे घालत म्हातारे झाले. ‘सगळं गाव एकत्र वसवू’ हे ऐकायला फार गोड लागतं. माणसाचं उमेदीचं वय त्यात निघून जातं. न्यूटॉकला जागा ठरून शेवटची कुटुंबं जाईपर्यंत वीस वर्षं गेली. पहिल्याच वर्षी ज्याला हवेत त्याला रोख पैसे दिले असते तर निदान आपल्या मर्जीनं तरी जगता आलं असतं.

शिवाय मेरटारविकला तरी सगळं आलबेल कुठे आहे? नव्या घरांबद्दल तक्रारी आल्याच, आणि लोक राहायला गेले तेव्हा घरोघर नळाचं पाणीही नव्हतं.

अपर्णा_नाशिक

संदीप, तुमचं म्हणणं मनाला लागलं. पण वीस वर्षं का गेली ते बघा. अख्खं गाव हलवायचं काम ज्याचं, असं एकही खातं अमेरिकेत नव्हतं. घरांचं एक खातं, धावपट्टीचं दुसरं, शाळेचं तिसरं. नव्या जागी मुलं नाहीत म्हणून शाळा नाही, आणि शाळा नाही म्हणून कुटुंबं जाईनात. २०१८ मध्ये संसदेनं दीड कोटी डॉलर एकरकमी दिले आणि पुढच्याच वर्षी पहिली कुटुंबं हलली. पैसा वेळेवर आणि एका हाती आला की काम होतं हे त्यातूनच दिसलं. आणि तुमची भावकी पांगली म्हणून तुम्ही आज हळहळता, पण तुमचा उपाय तर पांगवण्याचाच आहे.

साताऱ्याचा_संदीप

पांगायचं की नाही हे ज्याचं त्यानं ठरवावं, एवढंच म्हणतोय. आमच्या आजोबांना कुणी विचारलं नव्हतं.

मिहीर_डोंबिवली

शाळेचा पट आणि अग्रहक्क, हे दोन्ही मुद्दे वजनदार आहेत. खर्चाचं माझं म्हणणं मात्र कायम आहे. आणि ज्याचं त्यानं ठरवावं म्हणाल तर शिश्मारेफचं काय? चुकची समुद्रातल्या बेटावरचं सहाशे वस्तीचं गाव. २०१६ मध्ये मतदान झालं, जायच्या बाजूनं ८९, राहायच्या बाजूनं ७८. अकरा मतांच्या फरकावर तुम्ही अख्खं गाव उचलणार?

रेवा_अँकरेज

त्याआधी २००२ मध्येही त्यांनी जायच्याच बाजूनं कौल दिला होता. तेव्हापासून ना नवं गाव वसलं, ना त्यासाठी पुरेसे पैसे आले. मध्ये संरक्षक भिंत बांधली, ती तात्पुरतीच. राहायचं म्हणणाऱ्या ७८ जणांनाही बेट टिकेल अशी भाबडी आशा असेल असं मला वाटत नाही. इथले लोक उघड सांगतात: गाव सोडायचं ठरलंय म्हटलं की सरकार जुन्या गावावरचा खर्च आखडता घेतं. मग दवाखान्याची दुरुस्ती लांबते, नवी घरं होत नाहीत, आणि नव्या जागीही काही उभं राहत नाही. अशा वेळी ‘जाऊ’ म्हणून मत द्यायला कुणीही दहादा विचार करेल. नव्या गावाचे पैसे बाजूला काढून ठेवलेत असं आधी लेखी द्या, तोवर जुन्या गावाचा दवाखाना आणि भिंत नीट चालवा, आणि मग पुन्हा मतदान घ्या.