मुख्य ड्रेनेज लाइन तुंबली, ॲसिड ओतू का?

प्रश्न (टिळकवाडी, बेळगाव): फ्लश केला की न्हाणीच्या जाळीतून पाणी वर येतंय. 4 इंची पाइप, रस्त्यापर्यंत 3 चेंबर. ॲसिडने मोकळी होईल का?

उत्तर 1: ॲसिड अजिबात नको. साचलेल्या पाण्यात ते पातळ होतं, बोळा तसाच राहतो आणि रॉड (आट्यांनी एकमेकांना जोडत पाइपात ढकलायच्या लांब कांड्या) घालणाऱ्याच्या अंगावर उडतं. आधी घरातले नळ बंद करा. मग घराकडून रस्त्याकडे एकेक झाकण उघडत जा. भरलेलं चेंबर आणि त्यापुढचं कोरडं चेंबर, बोळा या दोघांच्या मध्ये. रॉड घड्याळाच्या काट्याच्या दिशेनेच फिरवा. उलटा फिरवला की जोड सुटतो आणि तुकडा आतच अडकतो. मोकळी झाल्यावर भरपूर पाणी सोडा.

उत्तर 2: दादा, तिन्ही चेंबर भरली असतील तर अडथळा बहुधा रस्त्याच्या लाइनीत आहे, महापालिकेत तक्रार द्या. रॉडला झाडाची मुळं लागून आली तर नुसतं ढोसून भागणार नाही, सांध्यातून ती पुन्हा शिरतात. तेवढा तुकडा खोदून बदला. उतारही तपासा, 10 फुटांना साधारण 3 इंच हवा. आणि गच्चीचं पावसाचं पाणी याच लाइनीला जोडलं असेल तर आधी तोडा.

उत्तर 3: चेंबरमध्ये कुणालाही उतरवू नका, पैसे देऊनसुद्धा नाही. हायड्रोजन सल्फाइड हा गटारातला विषारी वायू जास्त झाला की वाससुद्धा येत नाही, माणूस जागीच कोसळतो. हाताने मैला साफ करायला लावण्याविरुद्धच्या 2013 च्या कायद्यानेही अशा धोकादायक सफाईला बंदी आहे. रॉडने जमलं नाही तर जेटिंग मशीनच (जोराच्या दाबाने पाणी मारणारं) बोलवा.